ज्वारीची भाकरी पहिल्यांदा करताना: दळणापासून तव्यापर्यंत

सांगली, मिरज, कराड, साताऱ्याला शिकायला किंवा नोकरीला येऊन खोली घेतलेल्या कितीतरी जणांना भाकरी आवडते, पण घरी करायची म्हटलं की ते पोळीकडे वळतात. कणीक मळायची सवय असते, लाटणं हातात बसलेलं असतं. भाकरी मात्र खानावळीत खायची गोष्ट होऊन बसते. खरं तर घाईच्या दिवशी भाकरीच सोयीची. पीठ भिजवून झाकून ठेवायचं नाही, तेल-मोहन नाही, लाटणं नाही, की आंबवणं नाही. हात बसला की पाणी तापायला ठेवल्यापासून वीस-पंचवीस मिनिटांत दोघांपुरत्या भाकऱ्या टोपलीत पडतात.

शिकणाऱ्यांचं सगळं लक्ष थापण्यावर असतं. दोन्ही हातांवर भाकरी फिरवणारी आजी डोळ्यांसमोर येते आणि तिथंच धीर खचतो. माझं ठाम मत आहे की भाकरी बिघडते ती बहुतेक वेळा थापण्याच्या आधीच, पिठात आणि मळण्यात. ही दोन कामं नीट झाली तर थापणं आठवडाभरात येतं. म्हणून या लेखात पिठावर आणि मळण्यावर जास्त वेळ घालवणार आहे. कंटाळा न करता तो भाग वाचा.

ज्वारी आणि दळण

आपल्या भागात भाकरीसाठी शाळू घ्यावा, म्हणजे रब्बीची ज्वारी. सप्टेंबर-ऑक्टोबरात पेरलेली ही ज्वारी फेब्रुवारी-मार्चच्या सुमारास निघते. माण, खटाव, जत, आटपाडी, कवठेमहांकाळ हा कमी पावसाचा पट्टा तिचा. कृष्णाकाठी ऊस पसरलेला दिसला, तरी तिथल्या ताटातली भाकरी बऱ्याचदा या कोरडवाहू रानातून आलेली असते. दाणा टपोरा, पांढरा, मोत्यासारखा चमकणारा असतो. मालदांडी ३५-१ ही मोहोळला निवड करून काढलेली जुनी जात आजही लोक नावानं मागतात. तिची भाकरी गोडसर लागते आणि दुसऱ्या दिवशीही मऊ राहते. खरिपातली हायब्रीड ज्वारी स्वस्त मिळते, पण कणसावर पाऊस पडला की दाणा काळवंडतो आणि भाकरीला तो गोडवा राहत नाही. पहिल्यांदा शिकताना चार पैसे जास्त देऊन शाळूच घ्या. पीठ चांगलं असलं तर चूक हाताची की पिठाची हे तरी कळतं.

दुकानात मिळणारं पिशवीतलं ज्वारीचं पीठ शिकायला घेऊ नका. ते दळून किती दिवस झाले याचा अंदाज येत नाही. ज्वारीत अंकुराचा भाग असतो, त्यात तेल असतं. दळल्यावर ते तेल हवेला लागतं आणि पीठ हळूहळू कडवट होत जातं. शिवाय जुन्या पिठाची विरी जाते, म्हणजे कितीही मळलं तरी ते एकमेकाला धरत नाही. आपल्याकडे गल्लोगल्ली गिरणी आहे. दोन किलो ज्वारी निवडून न्या, दळून आणा, पंधरा दिवसांत संपवा. उन्हाळ्यात तर आठ-दहा दिवसांचंच दळण बरं.

गिरणीत गेल्यावर दोन गोष्टी सांगायच्या. एक, "दादा, ज्वारीवर ज्वारी दळा." आधीच्या गिऱ्हाईकाचा गहू किंवा हरभरा जात्यात राहिलेला असतो, तो आपल्या डब्यात यायला नको. दुसरं, "बारीक दळा." जाडसर पिठाची भाकरी काठाला फुटते. घरात कुणाला गव्हाचा त्रास असेल, डॉक्टरांनी ग्लुटेन बंद केलं असेल, तर मात्र एवढ्यावर भागणार नाही. सार्वजनिक गिरणीत गव्हाचं पीठ थोडंतरी मिसळतंच. अशा घराला छोटी घरघंटी घेऊन फक्त ज्वारी-बाजरीसाठी ठेवणं परवडतं.

दळण घरी आलं की डब्याचं झाकण लगेच लावायचं नाही. गिरणीतून पीठ गरम येतं. तसंच कोंडलं तर आत घाम धरतो आणि पीठ लवकर खराब होतं. परातीत पसरून गार होऊ द्या, मग भरा.

पिठाची परीक्षा सोपी आहे. चिमूटभर जिभेवर ठेवा. गोडसर लागलं तर ताजं, मागून कडवट चव आली तर त्याची भाकरी करूच नका. मग मूठभर पिठात गरम पाणी घालून लहानसा गोळा मळा आणि अंगठ्यानं दाबा. काठ गुळगुळीत राहिले तर विरी आहे. चारी बाजूंनी चिरा पडल्या तर विरी गेलेली आहे. अशा पिठाची उकड काढावी लागते, ती पुढं सांगते.

काही घरांत दळणातच किलोमागं मूठभर उडीद डाळ टाकतात, त्यानं पीठ चिकट होतं. शिकणाऱ्यांना हा उपाय चांगलाच उपयोगी पडतो. चवीत फारसा फरक जाणवत नाही.

भांडी

एक सपाट बुडाची परात, एक तवा, एक उलथनं, पाण्याची वाटी, सुती कापडाचा तुकडा. गावाकडे काटवट, म्हणजे लाकडी परात असते, ती मिळाली तर उत्तमच, पण स्टीलच्या परातीत काहीही अडत नाही. परात हलत असेल तर खाली ओला कपडा घाला.

तवा लोखंडी किंवा बिडाचा हवा. भाकरीला चांगला तापलेला तवा लागतो आणि वर तेलही नसतं. नॉनस्टिक तवा असा कोरडा तापवणं त्याच्या थराला आणि आपल्यालाही चांगलं नाही. बिडाचा तवा उष्णता धरून ठेवतो, एकामागून एक चार भाकऱ्या टाकल्या तरी गार पडत नाही. नवा आणला असेल तर स्वच्छ धुऊन, पुसून, तेल लावून मंद आचेवर तापवा, अर्ध्या कांद्यानं घासा, गार करा. असं दोन-तीन वेळा केलं की वापरायला तयार.

मळणं, म्हणजे निम्मी भाकरी

गव्हात ग्लुटेन असतं, त्यामुळं कणीक ताणली जाते. ज्वारीत ते नाही. तिला एकत्र धरून ठेवणारं दुसरं काहीतरी लागतं, ते म्हणजे तिचाच स्टार्च. साधारण ७० अंश सेल्सिअसच्या पुढं गरम पाणी लागलं की ज्वारीतला स्टार्च पाणी पिऊन फुगतो आणि चिकट होतो. मग तळहातानं रगडलं की तो चिकटपणा सगळ्या पिठात पसरतो. गार पाण्यात मळलेली भाकरी उचलताना का तुटते, याचं उत्तर हेच. ज्यांच्या पिठाला भरपूर विरी असते आणि हात सरावलेला असतो ते कोमट पाण्यावरही भागवतात. नवख्यानं उकळतं पाणीच घ्यावं.

एका मध्यम भाकरीला सुमारे १०० ग्रॅम पीठ लागतं, म्हणजे आमटीची एक वाटी शिगोशीग. पाणी ८० ते ९० मिली. पण हा आकडा फक्त सुरुवातीपुरता धरा, कारण नवी ज्वारी कमी पाणी पिते आणि जुनी जास्त. मीठ बहुतेक घरांत घालत नाहीत. हवंच असेल तर पाण्यात चिमूटभर टाका.

परातीत पीठ घ्या, मध्ये आळं करा. पाण्याला उकळी आली की तीन वाट्यांपैकी दोन वाट्या एवढ्या हिशेबानं पाणी आळ्यात ओता आणि चमच्यानं कालवा. चटका बसेल, हात घालायची घाई करू नका. दोन मिनिटं तसंच राहू दे. सोसवेल इतकं झालं की उरलेलं पाणी हातावर घेत घेत पीठ गोळा करा. एकदम पाणी ओतलं आणि पीठ सैल झालं तर सुकं पीठ मिसळावं लागतं, आणि त्या नव्या पिठाला गरम पाणी लागलेलंच नसतं. म्हणून थोडं थोडं.

आता खरं मळणं. मनगटाजवळच्या तळव्यानं गोळा पुढं रगडत न्यायचा, बोटांनी मागं ओढायचा, पुन्हा रगडायचा. जोर खांद्यातून येऊ द्या. ओट्यावर उंची कमी पडत असेल तर खाली बसून मळा, वजन टाकता येतं. कोरडं वाटलं की बोटं पाण्यात बुडवून पुन्हा मळा. एका भाकरीच्या गोळ्याला तीन-चार मिनिटं तरी द्यायची. आधी पीठ खरबरीत लागतं, मग हाताला चिकटतं, आणि नंतर एका क्षणी परात आपोआप स्वच्छ होऊ लागते. तिथून अजून अर्धा मिनिट मळा. गोळा दाबल्यावर काठाला चीर पडता कामा नये. अनुभवी बायका डोळे मिटून हे ओळखतात. तुम्ही पहिले काही दिवस दाबून बघत चला.

चार भाकऱ्यांचं पीठ एकदम मळून ठेवायचं नाही. पाणी घालून सगळं एकत्र केलं तरी चालेल, पण प्रत्येक गोळा थापायच्या आधी पाण्याचा हात लावून नव्यानं मळायचाच. ठेवलेला गोळा वरून वाळतो आणि त्याच्या काठाला भेगा जातात. एक भाकरी तव्यावर भाजतेय तोवर दुसरी मळून होते, हाच भाकरीचा वेग आहे.

विरी गेलेलं पीठ असेल तर उकड काढा. पातेल्यात वाटीभर पाणी उकळा, गॅस बारीक करून त्यात वाटीभर पीठ घाला, उलथन्याच्या दांड्यानं ढवळा, झाकण ठेवा, गॅस बंद. पाच मिनिटांनी परातीत काढून गरम असतानाच मळा. ही भाकरी इतकी सोशिक होते की लाटण्यानंही लाटता येते. खोलीवर पिशवीतलंच पीठ असलेल्या मुलांनी सरळ हीच पद्धत धरावी.

थापणं

मळलेला गोळा दोन्ही तळव्यांत धरून गोल फिरवा, मग दाबून जाडसर चपटा करा. काठ बोटांनी फिरवत गुळगुळीत करून घ्या. इथं राहिलेली बारीक चीर पुढं मोठी होते, ती आत्ताच बुजवा.

परातीत सुकं पीठ पसरा. कंजुषी नको, भाकरी फिरायला तेच मदत करतं. गोळा त्यावर ठेवा आणि उजव्या हाताच्या बोटांनी हलके थापायला लागा. डावा हात काठाशी आडोशाला. थाप मधून बाहेर जाईल अशी द्या आणि प्रत्येक थापेसरशी भाकरी किंचित वळू द्या. सुरुवातीला ती आपोआप फिरत नाही, तेव्हा डाव्या हातानं हलकेच फिरवा. मध्ये पातळ आणि काठ जाड राहणं ही सगळ्यांची पहिली अडचण, म्हणून शेवटच्या पाच-सहा थापा फक्त काठावर द्यायच्या.

पहिले दिवस भाकरी लहानच ठेवा, नाश्त्याच्या ताटलीएवढी. गावाकडची परातभर भाकरी बघून तेवढी करायला जाऊ नका, उचलतानाच तुटेल. भाकरी परातीला चिकटली तर ओढू नका. काठ हळूच उचलून खाली पिठाची चिमूट सारा आणि परात एका बाजूला किंचित ठोका, सुटते.

ज्यांना हे अजिबात साधत नाही त्यांनी दुधाची पिशवी धुऊन, कापून, सपाट पसरावी. त्यावर पाण्याच्या हातानं भाकरी थापायची आणि पिशवीसकट उचलून तळहातावर उलटी करायची. पोळपाटावर पीठ पसरून हलक्या लाटण्यानं लाटली तरी चालते. पोट भरणारी भाकरी रोज होणं महत्त्वाचं, हातांवर फिरवणं नंतर शिकता येईल.

तव्यावर

गोळा मळायला घेतानाच तवा मोठ्या आचेवर ठेवा. थेंबभर पाणी टाकल्यावर ते चुर्र करून लगेच नाहीसं झालं पाहिजे. तवा गार असेल तर भाकरी वाळते, भाजत नाही.

भाकरी दोन्ही हातांनी अलगद उचला आणि पिठाची बाजू वर येईल अशी तव्यावर सोडा. याच पिठाच्या बाजूला आता पाणी लावायचं. वाटीत हात बुडवून सगळ्या भाकरीवर एकसारखा फिरवा. वाफेची भीती वाटत असेल तर ओल्या कापडाचा बोळा फिरवा. सुकं पीठ दिसेनासं होईल एवढंच पाणी, डबकं नको.

आता नजर हटवायची नाही. वरचं पाणी चकाकतंय तोवर थांबा, चकाकी मावळली पण बोट लावल्यावर ओल जाणवते, तेव्हा उलटायचं. साधारण अर्धा मिनिट लागतो. त्याआधी उलटली तर तव्याला चिकटते. पाणी पूर्ण वाळू दिलं तर वर भेगा पडतात आणि मग भाकरी फुगत नाही, कारण वाफ त्या भेगांतून निघून जाते. सगळ्या कृतीतला हा अर्धा मिनिट सर्वांत नाजूक आहे.

उलथनं काठानं फिरवून भाकरी सोडवा, उलटा, आच मध्यम करा. ही पाण्याची बाजू तव्यावरच पूर्ण भाजायची, एक ते दीड मिनिट, मध्ये एकदा फिरवून. खाली तांबूस डाग पडले की तवा बाजूला घ्या आणि पहिली, कमी भाजलेली बाजू खाली करून भाकरी थेट आचेवर धरा. आतल्या पाण्याची वाफ होते, ती वरचा पापुद्रा उचलते आणि भाकरी टम्म फुगते. चुलीवर हेच काम विस्तवाच्या आरावर, भाकरी चुलीच्या तोंडाशी उभी टेकवून करतात. त्या भाकरीचा खरपूस वास गॅसवर येत नाही हे कबूल केलं पाहिजे.

इंडक्शनवर आच नसते. तिथं भाकरी तव्यावरच पुन्हा पहिल्या बाजूला उलटा आणि घडी केलेल्या कापडानं काठाकाठानं दाबत जा. जिथं दाबाल त्याच्या शेजारून फुगत जाते. तव्याचं बूड सपाट असलं पाहिजे एवढंच.

उतरवलेली भाकरी ताटात सपाट ठेवली तर खालून घाम येऊन ओली होते. टोपलीत किंवा डब्याच्या आधारानं उभी ठेवा, वाफ गेली की कापडात गुंडाळा.

बिघडलं तर

काठ फाटले तर मळणं कमी पडलं किंवा गोळा कोरडा होता. उचलताना मधोमध तुटली तर पिठाची विरी बघा, नाहीतर गोळा फार सैल झालेला असेल. फुगली नाही पण कुठं भेग नाही, असं असेल तर जाडी सारखी नव्हती. आतून कच्ची लागली तर पाण्याची बाजू लवकर उचलली. कडक, पापडासारखी झाली तर आच कमी होती आणि वेळ जास्त गेला. न फुगलेली भाकरीही नीट भाजली असेल तर चवीला उणी नसते, ती टाकायची नाही.

बाजरीलाही हीच रीत, फक्त तिचं पीठ ज्वारीपेक्षा लवकर कडू होतं, म्हणून आठवड्याचंच दळावं. भोगीला तीळ लावून करतात तेव्हा पाणी फिरवायच्या ऐवजी थापतानाच वरच्या बाजूला ओल्या हातानं तीळ दाबून बसवायचे. पाटण-जावळीकडच्या नाचणीच्या भाकरीला उकडच बरी.

भाकरीला वेळच नसेल त्या दिवशी

धपाटी करा. दोन वाट्या ज्वारीचं पीठ, अर्धी वाटी बेसन, अर्धी वाटी कणीक, बारीक चिरलेला कांदा, कोथिंबीर, हिरवी मिरची-लसणाचं वाटण, तीळ, हळद, मीठ. कणकेमुळं ग्लुटेन येतं, त्यामुळं गरम पाण्याची आणि रगडण्याची गरज राहत नाही. साध्या पाण्यानं सैलसर भिजवा. ओल्या सुती कापडावर थापा, मध्ये बोटानं भोकं पाडा, कापडासकट तव्यावर उलटं टाकून कापड सोडवून घ्या. भोकांत आणि कडेनं तेल सोडा, दोन मिनिटं झाकण ठेवा, मग उलटा. हाताला थापायची सवयही यातूनच लागते.

सोबत आणि शिळी

गरम भाकरीला कोरड्यास, म्हणजे सोबत खायला, साधंच लागतं. पिठलं, मेथीची परतलेली भाजी, भरलं वांगं, नाहीतर नुसता खर्डा आणि दही. अख्खा मसूर केला असेल तर भाकरी चुरून खा, पोळीपेक्षा ती रस्सा जास्त धरते.

सकाळची भाकरी रात्री खायची असेल तर तव्यावर पाण्याचा हात फिरवून झाकून एक मिनिट गरम करा. दुसऱ्या दिवशीची कुस्करून ताकात भिजवावी, वर कच्चा कांदा आणि मीठ. किंवा तेलात मोहरी, कांदा, मिरची, शेंगदाणे परतून त्यात कुस्करा टाकावा, पाण्याचा हबका मारून झाकण ठेवावं. कुस्करा करताना तुकडे फार बारीक करू नका, नाहीतर पाणी लागल्यावर त्याचा लगदा होतो. नखाएवढे ठेवले की मोकळा राहतो.